पीठ मळा, गाव कळेल

इटलीच्या सहलीत अर्धा दिवस स्वयंपाकाच्या वर्गाला द्यायचा विचार असेल, तर आधी पदार्थ ठरवू नका. गाव ठरवा. रोममध्ये उतरलात तर रोमचं शिका, बारीत उतरलात तर बारीचं. कारण ‘इटालियन जेवण’ नावाची एकच एक गोष्ट इटलीत कुठंच शिजत नाही. उत्तरेत पास्त्यात अंडी, दक्षिणेत नुसतं पाणी. एका गावात लोणी, पुढच्या गावात ऑलिव्हचं तेल. आणि दोन्ही गावं आपलंच बरोबर म्हणून ठाम! इटलीचं एक राज्य झालं 1861 मध्ये, चुली मात्र अजून वेगवेगळ्याच आहेत.

या सगळ्या चुलींना मिळून मोठा मान मिळाला, तो आपल्या दिल्लीत. 10 डिसेंबर 2025 रोजी लाल किल्ल्यात भरलेल्या युनेस्कोच्या बैठकीत इटलीची स्वयंपाकाची परंपरा मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत दाखल झाली. त्याच बैठकीत आपली दिवाळीही त्या यादीत गेली. हा मान कुठल्या एका पाककृतीचा नाही. एकत्र जमून रांधायचं, एकत्र बसून खायचं आणि आजीच्या हातातलं नातवंडांच्या हातात द्यायचं, या रीतीचा आहे. हातानं शिकवणाऱ्या वर्गात पाहुणा त्या रीतीत काही तास सामील होतो. म्हणून माझं सांगणं आहे, संग्रहालयाचं एखादं तिकीट कमी काढा, पण हे चुकवू नका.

मनोऱ्यावरून मोजलेला पास्ता

सुरुवात बोलोन्यापासून. इथं पास्त्याचं माप चक्क चेंबर ऑफ कॉमर्समध्ये जमा आहे. 16 एप्रिल 1972 रोजी तिथं तालियातेल्लेची सोन्याची एक पट्टी रीतसर ठेवण्यात आली. शिजल्यावर पट्टीची रुंदी 8 मिलिमीटर भरली पाहिजे, असा दंडक. आठच का? गावातल्या आझिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीचा 12,270वा भाग तेवढा होतो म्हणून. मनोरा 97 मीटरांहून जरासा उंच आहे. भागाकार करून पाहा, जमतो.

मग नोंदींची रांगच लागली. तोर्तेल्लिनीचं सारण 7 डिसेंबर 1974 ला नोंदवलं गेलं: डुकराचं मांस, प्रोश्युत्तो, मोर्तादेल्ला, पार्मिज्यानो चीज, अंडं आणि जायफळ. 17 ऑक्टोबर 1982 ला नंबर लागला रागूचा, म्हणजे खिम्याच्या त्या प्रसिद्ध सॉसचा. त्या नोंदीत लसूण नाही, दूध मात्र आहे. आणि जगभरच्या मेनूकार्डांवर मिरवणारं ‘स्पॅगेटी बोलोनीज’ बोलोन्याच्या घरांत सापडत नाही. तिथं रागू जातो तालियातेल्लेवर, कारण लाकडावर लाटलेल्या पास्त्याच्या खरखरीत अंगाला तो घट्ट धरून राहतो.

वर्गात तुमच्यासमोर येतो तो हाच लाकडी पाट, आणि त्यावर ‘00’ छापाचं अगदी बारीक दळलेलं पीठ. पिठाचं आळं करायचं, मध्ये अंडं फोडायचं. हिशेब सोपा: शंभर ग्रॅम पिठाला एक अंडं. पाणी नाही, तेल नाही. काट्यानं अंडं फेटत कडेचं पीठ हळूहळू आत ओढायचं. घाई केली की आळं फुटतं आणि अंडं पाटावरून धावत सुटतं! मग दहा-पंधरा मिनिटं जोर लावून मळायचं आणि गोळा अर्धा तास झाकून ठेवायचा. या विश्रांतीत ताणलेलं ग्लुटेन सैल होतं. ती दिली नाही, तर लाटलेली पोळी पुन्हा पुन्हा आखडत राहते.

लाटणं जवळजवळ मीटरभर लांब. पोळीचा काठ त्याच्यावर गुंडाळायचा आणि दोन्ही हात मधून कडांकडे नेत राहायचं. लाटण्याइतकंच हे ताणण्याचं काम आहे. तयार होणारी पोळी म्हणजे स्फोल्या आणि ती लाटणारी बाई स्फोलीना. बोलोन्यात हा मानाचा व्यवसाय आहे आणि ताज्या पास्त्याच्या दुकानांत काचेपलीकडे स्फोलीना लाटताना दिसतात. पोळी पातळ किती हवी? उजेडाकडे धरली की आरपार टेकडीवरचं सान लुकाचं चर्च दिसावं, असं बोलोन्याचे लोक सांगतात. त्या चर्चपर्यंत नेणारा कमानींचा झाकलेला रस्ता पावणेचार किलोमीटरांचा आहे, कमानी 666. शहरातल्या अशा छपरी रस्त्यांना 2021 मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशात जागा मिळाली. वर्गात पोटभर जेवल्यावर सान लुकाचा तो रस्ता चढून यावा.

तोर्तेल्लिनी वळणं ही इथली खरी परीक्षा. इवल्याशा चौकोनावर चिमूटभर सारण, मग त्रिकोण, मग करंगळीभोवती वळवून टोकं चिमटायची. कास्तेलफ्रांको एमिलिया गावात दंतकथा अशी, की एका खाणावळवाल्यानं दाराच्या कुलपाच्या भोकातून व्हीनस देवीची बेंबी पाहिली आणि तिच्यावरून हा आकार घडवला. पोळीच्या कडेचे वेडेवाकडे तुकडे कुणी टाकत नाही. त्यांचाही पास्ता होतो, माल्तालियाती नावाचा, आणि तो घेवड्याच्या दाण्यांच्या सूपमध्ये जातो. मला या सगळ्या शहाण्या शहरात हाच तुकड्यांचा पास्ता सगळ्यांत जास्त आवडतो.

अंडी आणायला बाजारात गेलात, तर अंड्यावर छापलेला पहिला आकडा वाचा. 0 म्हणजे सेंद्रिय, 1 म्हणजे मोकळ्यावर फिरणारी कोंबडी, 2 म्हणजे शेडमधली, 3 म्हणजे पिंजऱ्यातली. इटलीत पास्त्यासाठी गडद बलकाची अंडी वेगळी मिळतात, स्फोल्याचा पिवळाधमक रंग त्यांचाच. पिएमोंते प्रांतात तर ‘तायारिन’ नावाच्या बारीक पास्त्यात किलोभर पिठाला तीस-चाळीस बलक घालतात!

दरोडेखोर, व्यापारी आणि त्याची मारिएत्ता

फोर्लिंपोपोली हे इटलीच्या रोमान्या भागातलं छोटं गाव. 25 जानेवारी 1851 च्या रात्री तिथल्या नाट्यगृहात पडदा वर गेला तो नटांऐवजी बंदुका रोखलेल्या दरोडेखोरांवर. ‘इल पासातोरे’ या कुप्रसिद्ध डाकूची ती टोळी. गावातली श्रीमंत घरं लुटली गेली, त्यांत आर्तुझी नावाच्या कुटुंबाचंही होतं. घरातली मुलगी त्या रात्रीच्या धक्क्यातून सावरली नाही. कुटुंबानं गाव सोडलं आणि फ्लोरेन्स गाठलं.

तिथं पेल्लेग्रीनो आर्तुझी व्यापारात पैसा कमावून निवृत्त झाले आणि 1891 मध्ये, वयाच्या सत्तरीत, त्यांनी स्वयंपाकाचं पुस्तक काढलं. प्रकाशक मिळेना, म्हणून स्वखर्चानं. पहिल्या आवृत्तीत 475 पाककृती होत्या, चौदाव्या आवृत्तीपर्यंत 790 झाल्या. मधल्या काळात वाचक पत्रांतून आपापल्या घरच्या कृती कळवत राहिले आणि आर्तुझींच्या स्वयंपाकघरात त्या करून पाहिल्या जात. पाहणारे हात होते मारिएत्ता सबातिनी आणि फ्रांचेस्को रुफिल्ली यांचे. 1911 मध्ये आर्तुझी गेले, तेव्हा पुस्तकाचे हक्क त्यांनी याच दोघांच्या नावे ठेवले. इटलीच्या घराघरांत पोचलेल्या पुस्तकाची मिळकत स्वयंपाकघरातल्या माणसांना! पाकशास्त्राच्या इतिहासात इतका सरळ न्याय मला दुसरा आठवत नाही.

2007 पासून त्या गावात ‘कासा आर्तुझी’ ही संस्था उभी आहे. तिथल्या स्वयंपाकशाळेत हौसेनं शिकवणाऱ्या गावच्या बायकांचं मंडळ आहे, त्यांना म्हणतात मारिएत्ते. पुस्तकावर नाव साहेबांचं, वर्गावर नाव मारिएत्ताचं. स्फोल्या आणि पियादिना, म्हणजे तव्यावरची रोमान्याची भाकरी, शिकायची तर इथंच.

गेली चिनी शिकायला

परदेशी पाहुण्यांनी स्वयंपाक शिकायला इटलीला जायचं, ही चाल रुजवणाऱ्यांत एक नाव मोठं आहे: मार्चेल्ला हझान. जन्म 1924, चेझेनातिको या समुद्रकाठच्या गावात. शिक्षण जीवशास्त्र आणि निसर्गविज्ञानाचं, डॉक्टरेटपर्यंत. लहानपणी अपघातात उजवा हात मोडला तो कायमचा अधू राहिला. लग्न होईपर्यंत स्वयंपाकाशी संबंध नव्हता. 1955 मध्ये नवऱ्याबरोबर न्यू यॉर्कला आल्या आणि रोजच्या जेवणासाठी शिकत गेल्या. 1969 मध्ये त्यांनी नाव घातलं ते चिनी स्वयंपाकाच्या वर्गात. शिक्षिकेनं वर्ग थांबवला, तेव्हा बरोबरच्या विद्यार्थिनी म्हणाल्या, मग तुम्हीच तुमचं इटालियन शिकवा की! 1973 मध्ये पुस्तक आलं, आणि त्याच दशकात त्यांनी बोलोन्यात शाळा काढली, पुढं व्हेनिसमध्ये.

त्यांचा सर्वांत गाजलेला सॉस तीन जिनसांचा आहे. टोमॅटो, बऱ्यापैकी लोणी आणि मधोमध कापलेला एक कांदा. मंद आचेवर पाऊण तास. मग कांदा काढून टाकायचा. लसूण नाही, मसाला नाही, फक्त मीठ.

अंडं नको असेल तर दक्षिणेची गाडी पकडा

इटलीत कारखान्यातला सुका पास्ता कडक ड्युरम गव्हाच्या रव्याचाच असला पाहिजे, असा कायदा 1967 मध्ये झाला. दक्षिणेच्या बायका तर हाच रवा पिढ्यान्‌पिढ्या नुसत्या पाण्यात मळत आल्या आहेत. पुलिया प्रांतातल्या बारी शहराच्या जुन्या भागात आर्को बास्सो नावाच्या गल्लीत त्या दाराबाहेर पाट मांडून बसतात. बोटाएवढी वळकटी, सुरीनं चिमुकला तुकडा, त्याच सुरीनं तो पाटावर ओढायचा आणि अंगठ्यावर उलटा करायचा. झाली ओरेक्किएत्ते. बघताना वाटतं किती सोपं, आणि पहिल्या दहा नगांत एकही दुसऱ्यासारखा होत नाही.

महाराष्ट्रातल्या बायकांना इथं उपजत फायदा आहे. सार्डिनियात माल्लोरेद्दुस टोपलीच्या विणीवर दाबून रेघा उठवतात, रोमान्यात गार्गानेल्ली फणीवर गुंडाळतात. रुखवतासाठी गव्हल्या, मालत्या आणि फणीवरच्या फणोल्या ज्यांनी वळल्या आहेत, त्यांची बोटं या पाटावर लगेच ओळख पटवून घेतील. लिगुरियातली त्रोफिये आणि तोस्कानातली पिची हेही बहुतेक ठिकाणी पीठ-पाण्याचेच प्रकार.

सगळ्यांत अवघड पास्ता मात्र सार्डिनियातल्या नुओरोचा: सु फिलिन्देऊ. रव्याचा गोळा दोन्ही हातांनी ताणायचा, दुमडायचा, पुन्हा ताणायचा. असं आठ वेळा, की 256 तारा तयार. केसासारख्या या तारा गोल फळीवर आडव्या-तिरक्या तीन थरांत अंथरतात आणि उन्हात वाळवतात. वस्त्रासारखी ती जाळी मोडून मेंढीच्या रश्श्यात घालतात आणि लुला गावच्या सान फ्रांचेस्कोच्या यात्रेला रात्रभर चालत आलेल्या लोकांना वाढतात. हा पास्ता येणाऱ्या बायका अगदी मोजक्या उरल्या आहेत. एका दिवसाच्या वर्गात तो येणार नाही, पण हातातल्या गोळ्याला आणखी थेंबभर खारं पाणी हवं की नको, हे बोटांनी ओळखायचं असतं, एवढं तरी तिथं समजतं.

झटपट फेरी

जेनोआ. पेस्तो इथं संगमरवरी खलात लाकडी बत्त्यानं होतो. बेझिल, पाइनच्या बिया, लसूण, जाडं मीठ, दोन चीज, ऑलिव्हचं तेल, बस्स. मिक्सरचं पातं गरम होतं आणि पानं काळवंडतात. 2007 पासून दर दोन वर्षांनी जेनोआच्या पालात्सो दुकालेत पेस्तोची जागतिक स्पर्धा भरते. शंभर स्पर्धक, शंभर खल, सगळ्यांचे बत्ते एकदम सुरू!

नापोली. पिझ्झा करणाऱ्यांच्या कलेला युनेस्कोनं 2017 मध्ये मान दिला. नियम कडक आहेत: पीठ, पाणी, यीस्ट, मीठ. लाटणं वर्ज्य, हातानंच पसरायचा. व्यास 35 सेंटिमीटरांच्या आत. लाकडाच्या भट्टीत, चारशे अंशांच्या वरच्या आचेत, साठ ते नव्वद सेकंदांत बाहेर. 1889 मध्ये राणी मार्गेरीतासाठी मार्गेरीता पिझ्झा जन्मला ही गोष्ट गोड आहे, पण टोमॅटो, मोझ्झारेल्ला आणि बेझिलचा पिझ्झा नापोलीत त्याआधीही खाल्ला जात होता. टोमॅटो स्वतः अमेरिकेहून आलेला परका. टोमॅटो सॉसची छापील कृती नापोलीत 1690 च्या दशकात आन्तोनियो लातिनीच्या पुस्तकात दिसते. त्याच अमेरिकेतून पोर्तुगीजांनी मिरची गोव्यात उतरवली. म्हणजे नापोलीचा सॉस आणि गोव्याचं तिखट, दोघांचीही मुळं समुद्रापलीकडच्या एकाच मातीत.

रोम. काचो ए पेपे, म्हणजे पेकोरीनो चीज, मिरी आणि पास्त्याचं पाणी, एवढ्यावर सॉस जमवायचा. आच जास्त झाली की चीजचे गोळे होतात, म्हणून वर्गात तव्याखालची आच बंद करायला लावतात. मिरी मलबारची. सम्राट डोमिशियननं पहिल्या शतकात रोमच्या भर मध्यवस्तीत मिरीची कोठारं बांधली होती. 408 मध्ये व्हिसिगॉथ राजा अलारिकनं शहराला वेढा घातला, तेव्हा खंडणीत सोन्याचांदीबरोबर त्यानं 3,000 पौंड मिरी मागून घेतली. रोमचाच कार्बोनारा पास्ता मात्र वाटतो तेवढा पुरातन नाही. ‘ला कुचिना इतालियाना’ मासिकानं ऑगस्ट 1954 मध्ये छापलेल्या कृतीत चक्क ग्रुयेर चीज आणि लसूण आहे. आज रोममध्ये असं कुणी केलं तर जेवणाऱ्यांची भांडणं होतील.

त्रेविसो. तिरामिसू हा गोड पदार्थ इथल्या ‘ले बेक्केरिए’ रेस्टॉरंटमधून 1970 च्या सुमारास जगात निघाला, असं त्रेविसो सांगतं. शेजारचा फ्रिउली प्रांत हे मान्य करत नाही. त्रेविसोत 2017 पासून तिरामिसूचा विश्वचषक भरतो. चूल पेटवावी लागत नाही, म्हणून लहान मुलांना बरोबर घेऊन करायला हा वर्ग उत्तम.

आणि मार्को पोलोनं चीनहून पास्ता आणला, हे कुठं ऐकलं असेल तर सोडून द्या. तो परतला 1295 मध्ये. अल-इद्रीसी या भूगोलकारानं 1154 मध्येच लिहून ठेवलं आहे, की सिसिलीतल्या त्राबिया गावात पास्ता बनतो आणि जहाजांनी दूरदूर जातो.

शाकाहाऱ्यांनी आधी विचारायच्या गोष्टी

‘शाकाहारी वर्ग’ एवढंच लिहून नोंदणी करू नका. पार्मिज्यानो रेज्ज्यानोत वासराच्या पोटातलं, दूध फाडणारं रेनेट असतं, पेकोरीनो रोमानोत कोकराचं. ते चालणार नसेल तर नोंदणी करतानाच स्पष्ट सांगा. रिकोटाही रेनेटच्या चीजमधून उरलेल्या निवळीचा असतो. तिरामिसूतला मास्कारपोने आम्लानं फाटतो, तो चालेल, पण त्याच्या बिस्किटांत अंडं आहे आणि वरच्या क्रीममध्ये बहुधा कच्चं अंडं. पियादिनात परंपरेनं डुकराची चरबी पडते, ऑलिव्ह तेलाचीही करतात, मागून घ्या. बारीच्या पालेभाजीच्या सॉसमध्ये ॲन्चोव्ही मासा दडलेला असतो. म्हणून ‘सेन्झा कार्ने, सेन्झा पेशे’, बिनमांसाचं, बिनमाशाचं, असं दोन्ही म्हणावं.

अंडं आणि रेनेट दोन्ही चालत असेल तर उत्तरेत चैन आहे. बोलोन्याचे रिकोटा भरलेले तोर्तेल्लोनी लोणी आणि सेजच्या पानांत परततात. मान्तोव्हात आणि फेर्रारात लाल भोपळ्याचं सारण भरतात. मान्तोव्हाच्या सारणात बदामाची कडसर बिस्किटं आणि फळांचा मोहरीवाला मुरंबाही असतो. गोड, तिखट, कडू एकदम. नक्की खा.

आणि हॉटेलच्या तळघरातल्या चाळीस जणांच्या वर्गापेक्षा कुणाच्या घरी शिकायला मिळत असेल तर ते घ्या. 2004 मध्ये बोलोन्यात सुरू झालेलं ‘चेझारिने’ हे घरगुती सुगरणींचं जाळं आता इटलीभर पसरलं आहे. आधी बाजार, मग त्यांचं स्वयंपाकघर, मग त्यांच्याच टेबलावर जेवण.

घरी आल्यावर

इथं आल्यावर महागडं आयात पीठ शोधत फिरायची गरज नाही. आपला बन्सी गहू हा ड्युरमच आहे. बारीक बन्सी रवा ओरेक्किएत्तेला चांगला चालतो. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनं काढलेलं एमएसीएस 4028 हे कोरडवाहू ड्युरमचं वाण प्रथिनांनी भरलेलं आहे. आणि सांगली-साताऱ्याकडचा खपली? तोस्कानातल्या गार्फान्यानाचे शेतकरी ज्या फार्रोला 1996 पासून युरोपीय संघाचं भौगोलिक मानांकन मिरवतात, तो हाच गहू. ते लोक त्याचं घेवड्याबरोबर सूप करतात, आपण खीर करतो.

शंभर ग्रॅम बारीक रव्याला साधारण पन्नास मिलिलिटर कोमट पाणी घ्या. दहा मिनिटं मळा, अर्धा तास ओल्या फडक्याखाली ठेवा. शिजवायला शंभर ग्रॅम पास्त्याला लिटरभर पाणी आणि दहा ग्रॅम मीठ, हे इटलीभर पाठ असलेलं गणित. पाण्यात तेल घालू नका, सॉस घसरतो. ताज्या ओरेक्किएत्ते वर तरंगल्या की एक चावून बघा, मधोमध जराशी करकर उरली असेल तेव्हाच उपसा आणि उरलेलं वाटीभर पाणी सॉससाठी बाजूला काढून ठेवा.